खरेदी नसलेली विक्री

दिवाळीच्या सुटीत नात पुण्याहून घरी आली, की आमच्या माडीवर भल्या सकाळी गाणे सुरू होते. तिचे गाणे म्हणजे माझ्या लेखी बहुधा नुसता दणदणाट; मी तिकडे सहसा लक्ष देत नाही. यंदा मात्र तिसऱ्या दिवशी जिना उतरता उतरता मी मधल्या पायरीवर थांबलो. गिटारीवर कोणीतरी चार-पाच सुरांचा एक छोटा फेरा पुन्हा पुन्हा घेत होते. खालची एक तार सतत गुंजत होती, आपल्या तंबोऱ्यातील खर्जासारखी. आणि त्या गुंजनावर दोन स्त्रिया जवळजवळ एकाच सुरात गात होत्या. आवाज शिकवून घोटलेले नव्हते. कामे आटोपल्यावर ओसरीवर बसून दोघी जावांनी स्वतःसाठीच गावे, तसे ते गाणे होते.

“बेटा, कुणाचं आहे हे?”

“माहीत नाही, दादाजी. आफ्रिकेतलं आहे काहीतरी. मैत्रिणीनं अख्खा अल्बमच पाठवला.”

मी फोन हातात घेतला. पडद्यावर ‘ट्रॅक एक’, ‘ट्रॅक दोन’ अशी ओळ होती. गाणाऱ्याचे नाव नाही, गावाचे नाव नाही, साल नाही. आमच्या धंद्यात अशा मालाला बेवारशी गठ्ठा म्हणतात. दुकानाच्या दाराशी कोणी ठेवून गेला, तर आपण तो सोडत नाही, आधी चौकशी करतो. नातीला मी तेवढेच सांगितले. तिने दुसऱ्या फोनला ते गाणे ऐकवले आणि त्या फोनने अर्ध्या मिनिटात नाव सांगितले. हे यंत्र मला अजूनही जादूचेच वाटते.

नाव होते ‘ले फीय द इल्लिघदाद’. फ्रेंच भाषेत याचा अर्थ इतकाच, की इल्लिघदादच्या मुली. इल्लिघदाद हे पश्चिम आफ्रिकेतील नायजर या देशातले, सहारा वाळवंटाच्या काठावरचे एक खेडे. तेथील तुआरेग समाजाची भाषा तमाशेक. गाणाऱ्या दोघींची नावे फातू सैदी घाली आणि आलम्नू अक्रूनी. २०१६ साली निघालेला हा त्यांचा पहिला अल्बम त्यांच्या गावातच ध्वनिमुद्रित झाला. स्टुडिओ नव्हता, वर उघडे आकाश होते. फातूचा थोरला भाऊ लिबियाहून गिटार घेऊन आला होता. ती ते वाद्य मागून घेई आणि आपले आपण शिकत राही. तुआरेगांमध्ये गिटार हे पुरुषांचे वाद्य. ते हाती धरणाऱ्या स्त्रिया त्या वेळी बोटावर मोजण्याइतक्याही नव्हत्या.

अल्बमच्या दोन बाजू आहेत. (बाजू हा शब्द आमच्या पिढीचा; नातीला तो समजावून सांगावा लागला.) पहिल्या बाजूला गिटार आणि दोन गळे. मी जिन्यात ऐकले ते हे. दुसऱ्या बाजूला एकच दीर्घ ध्वनिमुद्रण आहे आणि त्यात गिटार नाही. त्या बाजूचा प्रकार म्हणजे ‘तेंदे’. तेंदे हे वाद्याचेही नाव आणि गाण्याचेही. वाद्य कसे तयार होते ते वाचून मी नातीला पुन्हा हाक मारली. बाजरी कांडायचे लाकडी उखळ घ्यायचे, त्याच्या तोंडावर ओले कातडे ताणायचे, उखळाच्या दोन बाजूंना दोन लांब मुसळे आडवी बांधायची आणि त्या मुसळांवर दोन बायकांनी बसायचे, म्हणजे त्यांच्या भाराने कातडे ताठ राहते. एक बाई वाजवते, एक गाते, बाकीच्या टाळ्या वाजवून उत्तर देतात. पुरुष मंडळी उंटांवर बसून भोवती फेर धरतात. समारंभ आटोपला, की कातडे सोडवतात आणि उखळ पुन्हा स्वयंपाकाकडे जाते.

कातडे बकऱ्याचे असते, हे ऐकताच आमच्या सौभाग्यवतींचा चेहरा उतरला. तबला, पखवाज, ढोलकी यांनाही तेच असते, असे मी म्हणालो. त्यांनी उत्तर दिले नाही. माझ्यापाशीही त्याचे उत्तर नाही, म्हणून तो विषय येथे तसाच ठेवतो.

आता मूळ गोष्टीकडे येतो. हे गाणे आमच्या घरी ज्या रीतीने आले, त्याच रीतीने सहाराच्या प्रदेशात ते गेली चाळीस-पंचेचाळीस वर्षे फिरत आलेले आहे, असे मला वाचता वाचता कळत गेले.

१९७० च्या आसपास आणि पुन्हा १९८४ च्या सुमारास त्या पट्ट्यात भीषण दुष्काळ पडले. गुरे मेली, कळप संपले. तरुण मुले पोटासाठी लिबिया-अल्जीरियाकडे निघाली. बेकाराला फ्रेंचमध्ये जो शब्द आहे, त्याचा अपभ्रंश होऊन या मुलांना ‘इशुमार’ म्हणू लागले आणि त्यांच्या गिटारीच्या गाण्यालाही तेच नाव पडले. त्यांच्यापैकीच इब्राहिम अग अल्हबीब या तरुणाने लहानपणी पत्र्याचा डबा, एक काठी आणि सायकलच्या ब्रेकची तार यांतून आपली पहिली गिटार केली होती. त्याने व त्याच्या सोबत्यांनी १९७९ च्या सुमारास ‘तिनारिवेन’ या नावाने पुढे जगभर गाजलेला ताफा उभा केला. या नावाचा अर्थ ‘वाळवंटे’. त्यांच्यापाशी ना कंपनी होती, ना दुकान. त्यांची रीत अशी होती, की ज्याला गाणी हवी असतील त्याने कोरी कॅसेट घेऊन यावे. ते त्यावर गाऊन देत, आणि पैसे घेत नसत. त्या कॅसेटवरून दुसरी, दुसरीवरून तिसरी, अशी गाणी शेकडो कोस वाळूतून गेली. पुढे २०१२ साली त्यांच्या ‘तस्सिली’ या अल्बमला ग्रॅमी पारितोषिक मिळाले.

कॅसेटची जागा मोबाइल फोनने घेतली. मालीच्या उत्तरेकडील किदालसारख्या गावात फोन आधी पोहोचले, इंटरनेट फार मागाहून. त्यामुळे फोन हा बोलण्यापेक्षा गाणी साठवण्याचा डबा झाला. दोघे जण चहाला बसले, की एकाच्या फोनमधून दुसऱ्याच्या फोनमध्ये ब्लूटूथने गाणी जात. बाजारात संगणक मांडून बसलेले दुकानदार थोडक्या पैशांत मेमरी कार्ड भरून देत. ख्रिस्तोफर कर्कली नावाच्या एका अमेरिकन माणसाने अशा जुन्या कार्डांवरची गाणी गोळा केली. बहुतेकांवर गायकाचे नावच नव्हते, किंवा असलेच तर चुकीचे. त्याने फोन करकरून, गावोगाव विचारून गाणारे शोधले आणि २०११ साली ती निवडक गाणी तबकडीवर काढली. त्यांतील एक गाणे नायजरच्या एम्दू मोक्तार या गायकाचे होते. त्याने ते २००८ साली नायजेरियातील सोकोतो येथे ध्वनिमुद्रित केले होते. ते गाणे फोनाफोनांतून सगळ्या वाळवंटात पोहोचले होते. पण या फिरण्यातून गाणाऱ्याच्या हातात काही पडावे अशी सोयच कोठे नव्हती. कर्कलीच्याच ‘साहेल साउंड्स’ या संस्थेने पुढे इल्लिघदादच्या मुलींचा अल्बम काढला.

वाळवंटातल्या त्या दुकानदाराविषयी वाचताना मी चष्मा काढून ठेवला. वाचकहो, तो दुकानदार मी ओळखतो. तो मी होतो.

आमचे दुकान नगरच्या बाजारात घड्याळे आणि रेडिओ यांचे. १९८२ साली मी वडिलांच्या मागे लागून दोन खणांचा जपानी कॅसेट डेक आणला आणि काउंटरच्या कोपऱ्यात एक नवे काम सुरू केले. ते दिवस ज्यांना आठवत असतील, त्यांना अधिक सांगायला नको. गिऱ्हाईक वहीच्या पानावर गाण्यांची यादी लिहून आणे. साठ मिनिटांची किंवा नव्वदची कोरी कॅसेट आमच्याकडूनच घेई. मी माझ्याजवळच्या तबकड्या आणि कॅसेटींवरून ती गाणी एकामागून एक भरून देई. कॅसेटच्या कागदावर सुवाच्य अक्षरात गाण्यांची नावे लिहून देण्याचा मला अभिमान होता. त्या अक्षरासाठी लोक शेजारचे दुकान सोडून माझ्याकडे येत. चित्रपटाचे नाव मी लिहीत असे. गायकाचे नाव जागा उरली तर.

धंदा बरा चालला. मी त्याची वेगळी खतावणी ठेवली होती. कोऱ्या कॅसेटची खरेदी, विजेचा अंदाजी खर्च, डेकचा घसारा, भरून देण्याची मजुरी, महिनाअखेरचा नफा. सगळे नेमके होते. वडिलांनी ती वही पाहून मान हलवली होती.

आई दुपारी दुकानात येऊन बसे. आमच्याकडे आईला बाई म्हणतात. बाईचे शिक्षण चौथीपर्यंतचे. पण जमाखर्च तिला तोंडपाठ. एके दिवशी तिने ती वही पुढे ओढली, पाने उलटली आणि विचारले, “कॅसेट घेतलीस त्याची खरेदी इथे आहे. गाणं विकलंस, त्याची खरेदी कुठे लिहिली आहेस?”

मी हसलो. गाणे काय, ते तर हवेतच असते, रेडिओवर फुकट लागते, असे काहीसे म्हणालो. माझ्याकडच्या तबकड्या मी पैसे देऊन आणल्या आहेत, हेही सांगितले.

“एक आणलीस. विकल्यास किती?”

एवढे बोलून ती उठली. अदत्तादान हा शब्द तिने उच्चारला नाही. आमच्या घरात तो उच्चारावा लागत नसे.

त्यानंतर मी ते काम बंद केले, असे मला येथे लिहिता आले असते तर बरे वाटले असते. तसे झाले नाही. १९८४ साली कायद्यात दुरुस्ती होऊन अशा नकलांविरुद्धच्या शिक्षा कडक झाल्या, त्याची बातमीही मी वाचली होती. आमच्या बाजारात कोणी विचारायला आले नाही आणि मीही कोणाला विचारायला गेलो नाही. काम बंद झाले ते १९९१ साली, आणि तेही तयार कॅसेटच इतक्या स्वस्त झाल्या, की भरून घेण्यात कोणालाच फायदा उरला नाही म्हणून. दिवसाला सरासरी तीन कॅसेट धरल्या, वर्षाचे तीनशे दिवस, नऊ वर्षे, तर आठ हजार शंभर होतात. हा हिशेब मी या दिवाळीत प्रथमच केला. त्या वहीत गायकाच्या नावे एकही खाते नव्हते.

तिनारिवेनचे सोबती कोऱ्या कॅसेटवर फुकट गाऊन देत, त्याचे काय, असे कोणी विचारील. ते देणे होते. ज्याचा माल, त्याने आपल्या राजीखुशीने दिला. घेणाऱ्याने तो दुसऱ्याला दिला, तर त्यातही मूळ धन्याची संमती गृहीत धरता येते. किदालच्या गुराखी पोराने मित्राच्या फोनमधून गाणे घेतले, त्यालाही मी बोल लावणार नाही. त्याच्या गावात विकत घेण्याची सोय नव्हती आणि खिशात दमडी नव्हती. मात्र कार्ड भरून देणारा दुकानदार आणि मी यांची गोष्ट वेगळी आहे. आम्ही पैसे घेत होतो. आणि आज माझ्या नातीच्या फोनमध्ये जो अल्बम आला, त्याला तर गरिबीचीही सबब नाही. लग्नाच्या संगीतासाठी पेनड्राइव्ह भरून आणणाऱ्या आपल्या घरांनाही ती नाही. ज्या लग्नात फुलांचे बिल लाखात जाते, तेथे गाण्यांचे बिल कोणी मागितले तर सगळे चकित होतील.

“बेटा, याचे पैसे कुठे भरायचे ते शोध,” मी म्हणालो.

“पण अल्बम तर आहेच ना आपल्याकडे, दादाजी. आता परत पैसे कशाला?”

“माल आला आहे. बिल यायचं आहे.”

ती हसली, पण शोधायला बसली. बँडकॅम्प नावाचे एक संकेतस्थळ आहे, २००८ साली सुरू झालेले. तेथे अल्बम आधी ऐकता येतो, मग विकत घेऊन उतरवून ठेवता येतो. एक दर लिहिलेला असतो. त्याहून अधिक द्यायचे असल्यास देण्याची मुभा असते. अशा विक्रीतून संकेतस्थळ शंभरातले पंधरा स्वतः ठेवते, पैसे पोहोचवणाऱ्याचा आकार वेगळा जातो आणि उरलेले विकणाऱ्याकडे जाते. विकणारी संस्था आणि गाणाऱ्या बायका यांच्यातली बोली काय, ते आपल्याला दिसत नाही. घाऊक बाजारातही ते कधी दिसत नसते. तरीही शंभरातले पंधरा ही आडत माझ्या व्यापारी डोळ्याला वाजवी वाटली. याउलट महिन्याचे पैसे भरून वाटेल तेवढी गाणी ऐकण्याच्या ज्या सोयी आहेत, त्यांत एका ऐकण्यामागे एका सेंटाचाही लहानसा अंशच पुढे जातो आणि तोही अनेकांत वाटला जातो. इल्लिघदादसारख्या ठिकाणच्या, थोडे ऐकणारे असलेल्या ताफ्याला त्यात किती मिळेल, याचा आकडा ज्याचा त्याने मांडून पाहावा.

पैसे भरण्याचे काम वाटले तितके सोपे निघाले नाही. माझ्या कार्डावर परदेशी व्यवहाराची सोय बंद होती. ती चालू केली, मर्यादा घातली, सांकेतिक अंक आला, तो घालेपर्यंत वेळ संपली, पुन्हा आला. एकदा वाटले, पुरे झाले. नंतर बाईची आठवण झाली आणि तिसऱ्यांदा अंक घातला. लिहिलेल्या दराच्या दुप्पट रक्कम मी भरली. दुप्पट का, हे नातीने विचारले नाही आणि मीही सांगितले नाही. पावती आली, ती मी छापून घेतली. सध्याच्या जमाखर्चात ती कोणत्या खात्याला घालावी, हे आमच्या मुनीमजींना सुचेना. शेवटी ‘किरकोळ’मध्ये गेली. तो शब्द मला खटकला, पण मुनीमजींशी वाद घालण्यात अर्थ नसतो.

मग प्रत उतरवून घेतली. कोणत्या स्वरूपात हवी, असे संकेतस्थळ विचारते. नातीने ध्वनीचा काहीही भाग न गाळणारे, आकाराने मोठे असे स्वरूप निवडले. फरक मला लगेच ऐकू आला. आधीची प्रत कुठून कुठून नकला होत आली असावी; तिच्यात टाळ्या सपाट झाल्या होत्या. आता त्या पुढच्या-मागच्या, जवळच्या-लांबच्या अशा वेगवेगळ्या कळत होत्या, आणि त्यांच्यामागे मोकळ्या जागेचा एक आवाज होता. प्रत्येक गाण्याला नाव होते. मुखपृष्ठ होते.

इल्लिघदादच्या मुली पुढे युरोपात आणि अमेरिकेत जाऊन गायल्या. २०१७ साली त्यांचा दुसरा अल्बम निघाला. २०१९ साली न्यूयॉर्कच्या ब्रुकलिन भागात त्या गायल्या, त्याचे ध्वनिमुद्रण २०२१ मध्ये निघाले. तेही नातीने यादीत घालून ठेवले आहे. यादीला मी ‘देणे’ असे शीर्षक दिले आहे.

आपल्याकडेही बायकांचे गाणे जात्यापाशीच होते. पुण्यात हेमा राईरकर आणि गी पॉइटवँ यांनी महाराष्ट्रातील खेड्यांतून एक लाखाहून अधिक जात्यावरच्या ओव्या गोळा केल्या, आणि ओवीबरोबर ती गाणारणीचे व तिच्या गावाचे नाव नोंदून ठेवले. बाईला ही नोंदवही आवडली असती.

भाऊबीजेच्या दुपारी घरात सगळे झोपले होते. मी दुसरी बाजू लावली. सौभाग्यवती वाती वळत बसल्या होत्या. कातड्याची गोष्ट त्या विसरल्या नसाव्यात, पण उठून गेल्या नाहीत. थोड्या वेळाने वातीचा हात थांबला. आमच्या परसात दगडी उखळ आहे. हल्ली त्यात पावसाचे पाणी साचते आणि चिमण्या पितात. लग्न होऊन आल्यावर त्या आणि बाई त्यात समोरासमोर उभ्या राहून मिरच्या कांडत.

“दोघी जणी आहेत,” त्या म्हणाल्या. “एकीचं मुसळ वर जातं, तेव्हा दुसरीचं खाली येतं. तसंच चाललंय.”

ते कांडण नाही, वाद्य आहे, असे मी सांगू लागलो, मग थांबलो.

“कोण आहेत या?”

माझ्याजवळ आता कागद होता. मी त्यावरून नावे वाचली. फातू सैदी घाली त्यांनी एकदाच ऐकून म्हटले. दुसऱ्या नावापाशी अडखळल्या, आणि ते मला पुन्हा वाचायला लावले.